यंदा एकच फड

पांझरा ही काही मोठी नदी नाही. पिंपळनेरच्या पश्चिमेला सह्याद्रीच्या फाट्यांत उगम पावते, पूर्वेकडे वाहत धुळ्यातून जाते, मग उत्तरेला वळून मुडावदला कपिलेश्वराच्या देवळापाशी तापीला मिळते. उन्हाळ्यात पात्र बऱ्याच ठिकाणी कोरडं. पण हिच्या आणि मोसम, आरम या नद्यांच्या काठी तीन-चारशे वर्षांपासून फड पद्धतीची बागायत चालत आली आहे. फड म्हणजे बंधाऱ्याच्या पाण्यावर गावाने मिळून भिजवायचा शेतांचा एक भाग. १८८४ साली नोकरीला लागलेल्या तरुण विश्वेश्वरय्यांनी पांझरेच्याच एका पाटावर नळांचा सायफन बांधला होता, हे आम्हा पाटबंधाऱ्यातल्या लोकांना अभिमानाने सांगितलं जातं. फड चालतो कसा, हे मात्र मला कळलं ते एका कमी पावसाच्या वर्षी, साक्री तालुक्यातल्या एका गावी बंधाऱ्याच्या दुरुस्तीचं अंदाजपत्रक करायला गेलो तेव्हा.

बंधारा दगड-चुन्याचा. पात्रात काळा कातळ जिथे उघडा आहे, नेमका त्यावर बसवलेला. उजव्या टोकाला कातळ संपून मुरूम लागतो आणि दुखणं तिथेच होतं. खालच्या अंगाची वाळू उपसून उपसून पात्र खोल गेलं होतं. दगडाखाली हात घातला तर कोपरापर्यंत आत गेला. एक मोठा पूर आला असता तर ते टोक बसलंच असतं.

दुपारी मोजमाप आटोपल्यावर हवालदार आबा म्हणाले, "सायेब, मारुतीना देऊळमा बैठक शे, चला." फडाचा हवालदार म्हणजे पाण्याचा कारभारी. त्याच्या हाताखाली पाटकरी. शेतकरी स्वतः पाणी भरत नाही. कालव्यातून चारीत, चारीतून सारंगात, म्हणजे शेतापर्यंतच्या लहान पाटात, आणि तिथून वाफ्यात पाणी पाटकरीच नेतो, मग शेत कुणाचंही असो. पिकाची राखण जागल्याकडे. बागायतीचे चार फड. एका फडात एका हंगामाला एकच पीक, आणि नदीत पाणी किती आहे ते पाहून किती फड भिजवायचे ते पंच ठरवतात.

पंचांचा निर्णय दोन वाक्यांत झाला. यंदा एकच फड भिजी. तीन फड कोरडे. मी भांडणाची वाट पाहत होतो. आमच्या कालव्यांवर पाण्याचं एक आवर्तन, म्हणजे एक पाळी, चुकलं तरी मोर्चा येतो. इथे कुणी आवाज चढवला नाही. माझ्याकडे गट नकाशा होता, तो तिथेच फरशीवर उघडला आणि नावं वाचत गेलो. तीच आडनावं चारही फडांत. ज्याची पट्टी वरच्या फडात, त्याचीच खालच्यातही. कोरडा फड सगळ्यांचा कोरडा, ओला सगळ्यांचा ओला. पाण्याची वाटणी त्या लोकांनी जमिनीतच करून ठेवली होती. इतकी चोख रचना मी कुठल्याही शासकीय प्रकल्पात पाहिलेली नाही.

तेवढ्यात मागे बसलेली एक बाई उभी राहिली. दिरांशी वाटणी झाली तेव्हा हिला सलग एकच तुकडा मिळाला होता, तोही तिसऱ्या फडात. "मन्हं काय?" एवढंच म्हणाली. कांद्याचं रोप टाकून बसली होती ती.

देवळात बराच वेळ कुणी बोललं नाही. मग आबांनी मला नकाशा धरायला सांगितला आणि भिजणाऱ्या फडातल्या पट्ट्यांवर बोट ठेवत एकेकाला विचारायला सुरुवात केली. तू किती वाफे सोडशील? कुणी चार म्हणालं, कुणी दोन. एकाने साफ नकार दिला. त्याला कुणी टाकून बोललं नाही, बोट पुढे सरकलं. कडेकडेचे वाफे जुळून तिच्यापुरता एक तुकडा उभा राहिला, त्या हंगामापुरता. पण कांदा नाही. त्या फडात हरभरा ठरला होता, मोजक्या पाण्यात येणारा. एकीसाठी कांद्याच्या पाळ्या दिल्या तर आसपासच्यांचा हरभरा पाण्याने बिघडला असता. तिने रोपाचं काय करू म्हणून पुन्हा विचारलं. पंचांकडे त्याचं उत्तर नव्हतं. नाराज चेहऱ्यानेच तिने मान्य केलं, आणि पुढच्या आठवड्यात गाळ काढायला तिच्या घरचा एक माणूस यावा, हेही तिथेच ठरलं.

मला ही बैठक महत्त्वाची वाटते ती यासाठी, की फड मोडण्याची कारणं विचारली तर सगळे विहिरी, मोटारी आणि वरची धरणं सांगतात. ती खरीच आहेत. पण वाटण्या आणि खरेदी-विक्रीत चार फडांतल्या चार पट्ट्यांचा एक सलग तुकडा होतो, तेव्हाही फड मोडतो आणि त्याची नोंद कुठेच होत नाही. अशा चार-पाच बायका पुढच्या कोरड्या वर्षी उभ्या राहिल्या तर वाफे कुणाकुणाकडून जुळवणार?

अंदाजपत्रकात उजव्या टोकाला काँक्रीटची भिंत आणि खाली दगडी पिचिंग धरलं. सोबतच्या पत्रात दोन गोष्टी जोडल्या: बंधाऱ्याच्या खालची वाळू उचलणं बंद झाल्याशिवाय हा खर्च वाया जाईल, आणि दुरुस्तीचा आराखडा पंचांना दाखवूनच काम सुरू करावं. भिंतीला मंजुरी आली. वाळूबद्दल मी अजूनही दर पावसाळ्याआधी पत्र लिहितो.