स्वतंत्र संचालक होताना: नोंदणीपासून इतिवृत्तापर्यंत

राष्ट्रीयीकृत बँकेच्या कर्ज विभागातून निवृत्त झाल्यावर काही महिन्यांनी कोल्हापूरजवळच्या शिरोली एमआयडीसीतील एका फाउंड्री कंपनीकडून मला स्वतंत्र संचालक, म्हणजे कंपनीशी किंवा तिच्या मालक कुटुंबाशी हितसंबंध नसलेला संचालक मंडळाचा सदस्य, होण्याबद्दल विचारणा झाली. कंपनी शेअर बाजारात नोंदलेली नाही, पण ती पब्लिक लिमिटेड आहे आणि तिच्यावरील कर्ज 50 कोटींच्या वर गेलेले असल्यामुळे कायद्याने तिला किमान दोन स्वतंत्र संचालक नेमावे लागतात. अनेक कुटुंबप्रधान कंपन्यांमध्ये ही जागा ओळखीपाळखीच्या माणसाने भरली जाते. कर्ज विभागात असताना अशा कंपन्यांची कागदपत्रे मी खूप पाहिली होती. म्हणूनच होकार देण्यापूर्वी या पदाचे काम नीट समजून घ्यायचे मी ठरवले.

पहिली पायरी नोंदणीची होती. भारतीय कॉर्पोरेट व्यवहार संस्थेकडे स्वतंत्र संचालकांची अधिकृत माहितीपेढी आहे. तिथे एक वर्ष, पाच वर्षे किंवा आजीवन अशी नोंदणी करता येते आणि ज्यांना अनुभवामुळे सूट मिळत नाही त्यांना दोन वर्षांच्या आत ऑनलाइन चाचणी उत्तीर्ण व्हावे लागते. सुरुवातीला 60 टक्के गुणांची अट होती, ती डिसेंबर 2020 मध्ये 50 टक्क्यांवर आणली गेली. घरी बसून, कॅमेऱ्यासमोर ही बहुपर्यायी परीक्षा देता येते, कितीही वेळा देता येते, आणि तिच्यात कंपनी कायदा, रोखे बाजाराचे नियम व हिशेबशास्त्राची तोंडओळख असे विषय असतात. बँकेतल्या माणसाला ती अवघड जाऊ नये.

अभ्यासात मला सर्वांत जास्त शिकवले ते सत्यम या सॉफ्टवेअर कंपनीच्या प्रकरणाने. 16 डिसेंबर 2008 रोजी सत्यमच्या संचालक मंडळाने प्रवर्तक कुटुंबाच्याच दोन मेटास कंपन्या सुमारे 160 कोटी डॉलरना विकत घेण्याचा ठराव मंजूर केला. गुंतवणूकदारांनी इतका तीव्र विरोध केला की काही तासांतच तो मागे घ्यावा लागला. पुढे 7 जानेवारी 2009 रोजी कंपनीचे संस्थापक व अध्यक्ष रामलिंग राजू यांनी पत्र लिहून हिशेबांतील घोटाळ्याची कबुली दिली, आणि ताळेबंदात दाखवलेली 5,040 कोटींची रोकड व बँक शिल्लक अस्तित्वातच नसल्याचे उघड झाले. त्या मंडळावर नामवंत प्राध्यापक होते, माजी सनदी अधिकारी होते, आणि त्या घटनेच्या काही महिने आधी कंपनीला उत्तम कारभाराचा पुरस्कारही मिळाला होता. 2013 च्या कंपनी कायद्यातील स्वतंत्र संचालकांविषयीची कलमे वाचताना हे प्रकरण माझ्या डोळ्यांसमोर सतत होते. कायदा एवढे तपशीलवार का बोलतो, ते त्यामुळे समजत गेले.

नेमणुकीच्या वेळी संमतिपत्र, अपात्र नसल्याचे प्रतिज्ञापत्र आणि कलम 149 नुसार स्वतंत्र असल्याची घोषणा अशी कागदपत्रे द्यावी लागतात. यातली शेवटची घोषणा दर आर्थिक वर्षाच्या पहिल्या बैठकीत पुन्हा द्यायची असते. ती भरताना मी नातेवाइकांची व्याख्या बारकाईने वाचली. कायद्याच्या यादीत पती-पत्नी, आई-वडील, मुलगा, सून, मुलगी, जावई, भाऊ, बहीण आणि एकत्र हिंदू कुटुंबाचे सदस्य एवढेच येतात. भाचा, भाची, पुतण्या, मेहुणा, व्याही यांचे नाव त्यात नाही. माझी भाची त्या वेळी कंपनीच्या लेखापरीक्षकांच्या कार्यालयात आर्टिकलशिप, म्हणजे सीए होण्यासाठीची उमेदवारी, करत होती. घोषणेत हे लिहिण्याची कायदेशीर गरज नव्हती, तरी मी स्वतंत्र पत्र देऊन ते कळवले. कंपनी सेक्रेटरींनी ते बैठकीपुढे ठेवले आणि कोणाचीही हरकत आली नाही.

या यादीची मर्यादा मला पुढे प्रत्यक्ष कामात दिसली. लेखापरीक्षण समितीत आम्ही दोघे स्वतंत्र संचालक आणि अध्यक्षांचे चिरंजीव असे तिघे होतो. विषयपत्रिकेसोबत अंतर्गत लेखापरीक्षकांचा अहवाल आला. त्यात खर्चाच्या तक्त्यात ‘गोदामभाडे’ या ओळीत मोठी वाढ दिसत होती आणि तिच्यापुढे ‘नूतनीकरणामुळे’ एवढाच शेरा होता. बैठकीत मी विचारले, ‘हे गोदाम कोणाचे आहे?’ थोडा वेळ कोणी बोलेना. मग सेक्रेटरी म्हणाले, ‘मॅडम, ते आबांच्या पुतण्याच्या नावावर आहे. पण पुतण्या कायद्याच्या व्याख्येत बसत नाही. घरातल्या वाटण्याही कधीच झाल्यात, त्यामुळे एकत्र कुटुंबाचा प्रश्न येत नाही.’ अध्यक्षांना कंपनीत सगळे आबा म्हणतात.

सेक्रेटरींचे म्हणणे कायद्याला धरून होते, याबद्दल मला शंका नव्हती. संबंधित व्यक्तींशी होणाऱ्या व्यवहारांना समितीची मंजुरी लागते आणि हितसंबंध असलेल्या संचालकाला त्या विषयाच्या चर्चेत भाग घेता येत नाही. पण व्यवहार व्याख्येबाहेर असेल तर ही दोन्ही बंधने लागू होत नाहीत. मला मात्र प्रश्न पडला तो असा, की ज्या बँकेने या कंपनीला कर्ज दिले आहे, किंवा ज्या छोट्या भागधारकाने वर्षानुवर्षे शेअर सांभाळले आहेत, त्याला हे भाडे कोणत्या आधारावर ठरले हे सांगता येईल का? मी तेवढेच विचारले आणि आसपासच्या गोदामांचे दर मागितले. आबांचे चिरंजीव नाराज झाले. ‘मॅडम, इतक्या वर्षांचा व्यवहार आहे, आजवर कोणी विचारलं नव्हतं,’ असे ते म्हणाले. त्यांच्या नाराजीत कपट नव्हते. घरच्या गोष्टीत बाहेरच्याने लक्ष घातल्याचा तो राग होता, आणि कुटुंबाने उभारलेल्या कंपनीत तो मला स्वाभाविक वाटतो. विषय पुढील बैठकीपर्यंत ठेवला गेला.

खरे काम त्यानंतर सुरू झाले. बैठकीचे मसुदा इतिवृत्त पंधरा दिवसांच्या आत सदस्यांकडे पाठवायचे असते आणि सदस्यांनी सात दिवसांत अभिप्राय द्यायचा असतो. माझ्याकडे आलेल्या मसुद्यात ‘गोदामभाड्याबाबत चर्चा होऊन समितीने माहितीची नोंद घेतली’ असे वाक्य होते. दरांची मागणी, मालकाशी असलेले नाते आणि विषय पुढे ढकलल्याचा निर्णय यांपैकी काहीच त्यात नव्हते. मी मुदतीत लेखी दुरुस्ती पाठवली आणि काय विचारले गेले व काय ठरले हे शब्दशः नोंदवण्याची विनंती केली. दुसऱ्या स्वतंत्र संचालकांनीही तसेच कळवले. नवख्या संचालकाने याकडे विशेष लक्ष द्यावे असे मला मनापासून वाटते, कारण जी गोष्ट मंडळाच्या कामकाजातून आपल्याला माहीत होती, आणि जिच्यात आपली संमती किंवा संगनमत होते, किंवा जिच्याबाबत आपण योग्य दक्षता घेतली नाही, तेवढ्याच चुकीसाठी कायदा आपल्याला जबाबदार धरतो. आपण दक्षता घेतली होती हे दाखवायला पुढे इतिवृत्ताइतका भक्कम पुरावा नसतो. शिवाय कंपनीच्या दृष्टीनेही पाहिले तर, ज्या प्रश्नाची नोंद नाही त्याचे उत्तर द्यायला कोणी बांधील राहत नाही.

पुढील बैठकीत त्याच वसाहतीतील इतर गोदामांचे दर आले. आपल्या भाड्याचा चौरस फुटाचा दर त्यांच्यापेक्षा ठळकपणे जास्त होता. आबा स्वतः समितीसमोर आले, पुतण्याशी बोलले असल्याचे त्यांनी सांगितले आणि भाडे बाजारभावाला आणण्याचे, तसेच करार अकरा महिन्यांपुरताच ठेवण्याचे मान्य केले. या विषयावर मंडळात मत घेतले गेले तेव्हा त्यांनी आणि त्यांच्या चिरंजीवांनी आपणहून भाग घेतला नाही.

आता कंपनीच्या संबंधित व्यवहारांच्या धोरणात कायद्याच्या यादीपुढे पुतणे, भाचे, मेहुणे आणि व्याही यांचाही समावेश केला आहे. दर एप्रिलमध्ये संचालक जे हितसंबंधांचे विवरण भरतात त्याला एक जोडपत्र लावले असून, या नात्यांतील कोणाचा कंपनीशी व्यवहार असेल तर तो तिथे लिहिला जातो व त्रयस्थ दर मिळाल्यावरच समितीपुढे येतो. गेल्या वेळी त्या जोडपत्रात मालवाहतुकीचा एक आणि कॅन्टीनचा एक असे दोन व्यवहार पुढे आले. त्यांपैकी कॅन्टीनचा करार दरांची तुलना करून आहे तसा चालू ठेवला आहे आणि वाहतुकीसाठी नव्याने निविदा मागवल्या आहेत.