परदेशात एकहाती शूटिंग: पट्टे, आवाज आणि कार्नेट

लिहिणारा, शूट करणारा आणि एडिट करणारा माणूस एकच असला की पैसे वाचतात. पण त्याहून मोठा फायदा म्हणजे एडिटला बसल्यावर कुठे अडणार, हे शूटिंगच्या वेळीच डोक्यात असतं. परदेशात रीशूट म्हणजे पुन्हा विमानाचं तिकीट, त्यामुळे तिथे हे फारच कामी येतं.

सगळ्यात जास्त दगा देतो फ्लिकर, म्हणजे दिव्यांचं डोळ्याला न दिसणारं लुकलुकणं. आपल्याकडची वीज 50 हर्ट्झची, म्हणून सेकंदाला 25 फ्रेम आणि 1/50 सेकंदाचं शटर हाताला बसलेलं असतं. अमेरिकेत वीज 60 हर्ट्झची. तिथल्या जुन्या ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी सेकंदाला 120 वेळा लुकलुकतात आणि चित्रावर पट्टे सरकायला लागतात. शटर 1/60 किंवा 1/120 करा. जपानची तर आणखी गंमत: टोकियोत 50, ओसाकाला 60. कॅमेऱ्याच्या इवल्या स्क्रीनवर पट्टे कळत नाहीत, तेव्हा दहा सेकंदांचा शॉट घेऊन लॅपटॉपवर बघा. फ्लिकर काढणारे प्लगइन आहेत, पण चेहरा हलला की ते गोंधळतात.

एकट्या माणसाचं लक्ष फ्रेममध्ये अडकतं आणि आवाज मागे राहतो. हललेला शॉट प्रेक्षक खपवून घेतो, खरखरणारा संवाद नाही. कॉलर माइक हनुवटीपासून वीतभर खाली, 48 किलोहर्ट्झ, 24 बिट, मोठ्यात मोठा आवाज मीटरवर उणे 12 डेसिबलच्या आसपास. मुलाखत संपली की सगळ्यांना गप्प बसवून मिनिटभर रिकाम्या खोलीचा आवाज घ्या. एडिटमध्ये कट लपवायला तोच लागतो. घुरघुर नको म्हणून घरातला फ्रिज बंद केलात तर गाडीची किल्ली त्यातच ठेवा, म्हणजे तो चालू केल्याशिवाय निघताच येत नाही.

सुट्या लिथियम बॅटऱ्या हँडबॅगेतच. 100 वॉट-तासांच्या वरची असेल तर एअरलाइनची परवानगी लागते, म्हणून व्ही-माउंट (कॅमेऱ्याच्या मागे बसणारी मोठी बॅटरी) 98-99 ची घ्यावी. एटीए कार्नेटवर (ड्यूटी न भरता सामान तात्पुरतं परदेशात नेण्याचा कागद) सामान नेत असाल तर परतताना तिथल्या कस्टम्सचा शिक्का न विसरता घ्या. तो राहिला तर सामान त्या देशातच राहिलं असं धरून ड्यूटी मागतात. सेकंदाला 100 मेगाबिटवर रेकॉर्ड केलं तर तासाला 45 जीबी भरतात. फुटेजच्या दोन प्रती: दोन ड्राइव्ह, दोन वेगळ्या बॅगा.

दर सांगताना शूटिंग, साऊंड आणि एडिट वेगवेगळे लिहा, नाहीतर क्लायंट तिन्ही कामं एकाच्या भावात घेतो. दुरुस्तीच्या फेऱ्याही आधीच ठरवा. आवाजाचा फायनल मिक्स मात्र दुसऱ्याकडे द्यावा. महिनाभर तेच संवाद ऐकलेल्या कानांना सगळे शब्द कळतात, न ऐकू आलेलेसुद्धा.