कढीपत्ता आणि गप्पी

घरात माशांची काचपेटी ठेवणाऱ्याला माशांपेक्षा पाण्याची काळजी अधिक वाहावी लागते, याची जाणीव खानदेशात मे महिन्याइतकी इतर कधी होत नाही. जळगाव-भुसावळकडे पारा 44-45 अंशांपर्यंत चढतो, पेटीतले पाणी तापते आणि त्यात विरघळणारा प्राणवायू घटतो. 20 अंशांना लिटरमागे सुमारे 9 मिलिग्रॅम मावणारा हा वायू 30 अंशांना जेमतेम साडेसात मिलिग्रॅम मावतो. नेमकी तेव्हाच माशांची गरज वाढलेली असते, त्यामुळे ते वर येऊन तोंडे उघडू लागतात. हे पाहून पाहुणे कळवळून म्हणतात, "उपाशी दिसतात हो बिचारे, टाका की चिमूटभर!" उघडे तोंड दिसले की वाढायला धावणे हा आपल्याकडचा पाहुणचार असला, तरी न खाल्लेला दाणा कुजून अमोनिया होतो आणि उरलासुरला प्राणवायूही त्यातच खर्ची पडतो.

यावर आपल्या कोरड्या हवेत चालणारा उपाय कूलरच्याच तत्त्वाचा आहे. झाकण काढून जाळी बसवावी आणि छोटा पंखा पाण्यावरून तिरपा सोडावा; बाष्पीभवनाने दोन-तीन अंश सहज उतरतात. उडून जाते ते मात्र निव्वळ पाणी, क्षार मागेच राहतात, म्हणून ही तूट बोअरच्या जड पाण्याऐवजी आरओच्या पाण्याने भरून काढावी.

दुकानातल्या निऑन टेट्राची निळी रेघ कोणालाही भुरळ घालते, परंतु तो ॲमेझॉनच्या मऊ, आम्लधर्मी पाण्यातला जीव. त्याला आपल्या उन्हाळ्यात आणणे मला निर्दयपणाचे वाटते. त्यापेक्षा झेब्रा डॅनिओ बरा. निसर्गअभ्यासक फ्रान्सिस हॅमिल्टनने 1822 मध्ये गंगेच्या खोऱ्यातले मासे नोंदवताना वर्णिलेला हा मासा आज जगभरच्या प्रयोगशाळांत पोहोचला आहे. त्याचे निळे पट्टे कल्ल्यापासून थेट शेपटीच्या टोकापर्यंत आडवे जातात. तो उड्या मारतो, म्हणून जाळी हवीच. आणि गप्पी तर जड पाण्यातच खुलतो. डासांच्या अळ्या खाण्यासाठी आरोग्य खाते हौदांत सोडते तोच हा मासा. त्याची मादी साधारण महिन्याने थेट पिल्ले देते. जिऱ्याएवढे ते पिल्लू जन्मतःच हायड्रिला या पाणवनस्पतीच्या दाटीत शिरते, कारण त्याला गिळू पाहणाऱ्यांत त्याची आईही असते.

नळाचे पाणी उघड्या बादलीत दिवसभर ठेवून क्लोरीन उडू द्यावे आणि आठवड्याला पेटीतले पाव पाणी बदलावे. फिल्टरच्या स्पंजात वाढलेले जिवाणू अमोनियाचे आधी नायट्राइट आणि मग नायट्रेट करतात, त्यामुळे काढलेले पाणी झाडांना खतासारखे लागू पडते. आमच्या घरी पेटीला आईचा असलेला विरोध मावळला तो मासे पाहून नव्हे, कुंडीतला कढीपत्ता पाहून.