करणी सोपी करताना

मुलगी नववीत गेली आणि एका संध्याकाळी √(१२क्ष³) − क्ष√(२७क्ष) + √(७५क्ष³) ही करणींची, म्हणजे वर्गमुळाच्या चिन्हातल्या पदांची, राशी घेऊन माझ्याजवळ बसली, तेव्हा शाळा सोडून पंचवीस वर्षे झालेल्या मला पहिली पायरीही आठवेना. शेवटी आम्ही अवयव पाडायला घेतले, कारण वर्गमुळातून बाहेर काय येईल हे अवयव पाडल्याशिवाय दिसत नाही. १२ म्हणजे ४ × ३, २७ म्हणजे ९ × ३, ७५ म्हणजे २५ × ३. क्ष³ मधली एक जोडी बाहेर येते आणि एकटा क्ष आत राहतो. तिन्ही पदांत √(३क्ष) ही एकच करणी उरली, म्हणून २क्ष − ३क्ष + ५क्ष करून उत्तर ४क्ष√(३क्ष) आले. क्षच्या जागी ३ घालून ताळा पाहिला: १८ − २७ + ४५ = ३६, आणि उत्तरातून १२ × ३, तेही ३६.

खरी अडचण पुढच्या उदाहरणाने आणली. √(क्ष² − ६क्ष + ९) मध्ये (क्ष − ३)² हा पूर्ण वर्ग आहे हे ओळखून आम्ही दोघींनी बिनदिक्कत क्ष − ३ लिहिले. ताळ्यासाठी क्ष = १ घेतले, तर मूळ राशी √४ म्हणजे २ आणि आमचे उत्तर −२. आकडेमोड तीनदा तपासली. चूक तिथे नव्हतीच. ४ ची वर्गमुळे २ आणि −२ अशी दोन असली, तरी √ हे चिन्ह त्यांतले ऋण नसलेलेच दाखवते, म्हणून उत्तर |क्ष − ३| असे केवलमूल्यात लिहावे लागते: क्ष ३ पेक्षा लहान असेल तर ३ − क्ष, नाही तर क्ष − ३. शुल्बसूत्रांत, म्हणजे यज्ञवेदींच्या मापांविषयीच्या प्राचीन ग्रंथांत, दिलेल्या चौरसाच्या दुप्पट क्षेत्रफळाच्या चौरसाच्या बाजूला द्विकरणी म्हटले आहे, आणि बाजूची लांबी ऋण नसते, एवढे सांगितल्यावर मुलीला ते चटकन पटले. मग पहिल्या उदाहरणात केवलमूल्य का लागले नाही, हे तिनेच विचारले. तिथे क्ष ऋण धरला, तर १२क्ष³ ऋण होते आणि त्याला वास्तव वर्गमूळच राहत नाही, हे वहीत −१ घालून पाहिल्यावर दोघींनाही स्पष्ट झाले.

दुसऱ्या दिवशी तिने √(क्ष² + ९) = क्ष + ३ असे लिहिले आणि मी काही बोलण्याआधीच क्षच्या जागी ४ घातले. एकीकडे ५ आले, दुसरीकडे ७. तिने ती ओळ खोडली आणि राशी होती तशीच ठेवली, कारण ती त्याहून सोपी होत नाही.