तुम्ही विचारलंत म्हणून: परिक्रमा अनवाणी की बूट घालून?

नर्मदा परिक्रमा करून आले तेव्हापासून लोक मला एकच विचारतात, "अनवाणी केलीत ना?" त्या "ना"मध्येच उत्तर ठरलेलं असतं. "नाही, बूट घातले," म्हटलं की समोरचा चेहरा उतरतो. एक-दोघांनी तर तोंडावर म्हटलं, "मग ती पूर्ण नाही म्हणायची." लग्नात, फोनवर, परवा दवाखान्याच्या रांगेतसुद्धा हेच. म्हणून एकदा सगळं नीट सांगते.

निघाले मी अनवाणीच. ओंकारेश्वरला दक्षिण तटावर संकल्प सोडला, कार्तिकी एकादशी नुकतीच झाली होती. त्याआधी दोन महिने रोज सकाळी मैदानावर पाच किलोमीटर अनवाणी चालत होते. तळव्याला चांगला घट्टा धरला होता आणि एवढी तयारी पुरेशी आहे असं मला वाटत होतं. ती पुरेशी नव्हती. मैदानाची जमीन सगळीकडे सारखी असते. वाटेवरच्या निमाड भागात तासाभरात चार जमिनी बदलतात. पाणी दिलेल्या शेताच्या बांधावर काळी माती ओली असते, तिच्यात तळव्याचं कातडं भिजून मऊ पडतं. तिथून गाडीवाट, मग खडी, मग डांबर. भिजलेलं कातडं डांबरावर घासलं की फोड येतो, आणि घट्ट्याखाली आलेला फोड वरून दिसतच नाही. दाबलं की फक्त दुखतं.

पण माझं फोडाने अडलं नाही, काट्याने अडलं. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी, रावेरखेडीच्या अलीकडे, डाव्या चवड्यात बाभळीचा काटा गेला. त्या भागात शेतांना बाभळीच्या फांद्यांचं कुंपण असतं, त्यातले तुकडे वाटेवर पडतात. काटा मी लगेच उपसला. रक्त आलं नाही, म्हणून बरं वाटलं. तिथेच चूक झाली. रक्त आलं नाही, तरी काटा घट्ट्यात मोडला होता आणि टोक आत राहिलं होतं. उपसलेला काटा उजेडात धरून बघायचा असतो: टोक सुईसारखं असेल तर पूर्ण निघाला, बोथट असेल तर सल आत आहे. मी बघितलं नाही. पाय धुतला, तूप-हळद लावली आणि झोपले.

चौथ्या दिवशी बाजीराव पेशव्यांच्या समाधीपाशी पोचले ती पायाच्या कडेवर चालत. चवडा वाचवला की भार घोट्यावर आणि गुडघ्यावर येतो, म्हणजे एका दुखण्याची तीन होतात. पाचव्या रात्री ठणका सुरू झाला. पाय खाली सोडला की ठणकायचा, झोळीवर उंच ठेवला की कमी व्हायचा. आत पू धरल्याची ही खूण मला लहानपणापासून माहीत आहे. कुणी गरम गुळाची पट्टी बांधून दिली. वरचं कातडं मऊ झालं, पण घट्ट्याने तोंड बंद केलेलं होतं, पूला बाहेर यायला वाट नव्हती. तो आतल्या आत वर सरकत होता. सहाव्या दिवशी जांघेत अवधाण, म्हणजे गाठ, आलं, ताप भरला, घोट्यावर लाल रेघ दिसायला लागली.

तेव्हा मी नावडातोडीच्या आश्रमात होते. समोर पलीकडच्या तटावर महेश्वर. किल्ला, घाट, रात्रीचे दिवे, सगळं डोळ्यांसमोर. नावेने पलीकडे जायचं आणि डॉक्टर गाठायचा, एवढंच. पण परिक्रमेत मैया, म्हणजे नर्मदा, ओलांडायची नसते. ओलांडली की परिक्रमा खंडित. मी रात्रभर ते दिवे बघत बसले आणि गेले नाही.

याबद्दल मी स्वतःशी अजून भांडते. त्या रात्री मी म्हणत होते, ही श्रद्धा आहे. आज म्हणते, कसरावद याच तटावर आहे, तिथे जायला पाणी ओलांडावं लागत नाही, ते संध्याकाळीच का सुचलं नाही? सुचलं होतं. पण तिथे गाडीने जावं लागलं असतं, आणि मला गाडीतही बसायचं नव्हतं. खरं तर उपचारासाठी गाडीने जाऊन, ज्या जागी चालणं थांबलं त्याच जागी परत येऊन पुढे निघायचं, अशी परकम्मावासीयांत, म्हणजे परिक्रमा करणाऱ्यांत, रीतच आहे. मला ती माहीत होती. म्हणजे ती श्रद्धा होती की हट्ट? अजून सांगता येत नाही.

सकाळी आश्रमातल्या बाबाजींनी मला विचारलं नाही, सरळ गाडीत बसवलं. डॉक्टरांनी जागा बधिर करून घट्टा उघडला. पू निघाला आणि त्याबरोबर तांदळाच्या कणीएवढं टोक. धनुर्वाताचं इंजेक्शन, सात दिवस गोळ्या, रोज ड्रेसिंग. लालीच्या कडेने त्यांनी पेनाने रेघ मारून दिली: लाली रेघेबाहेर गेली तर त्याच दिवशी परत यायचं. अकरा दिवस मी त्या आश्रमात आसन लावून होते. पंगतीच्या वेळी "कितनी मूर्ति?", म्हणजे किती जण, असं विचारत, तेव्हा त्यात माझीही एक धरत. बाराव्या दिवशी कसरावदच्या बाजारातले कॅनव्हासचे बूट घालून निघाले.

आता नियमाबद्दल. अनवाणी चालण्याचा नियम ज्या परिक्रमेचा आहे, ती तीन वर्षं, तीन महिने, तेरा दिवसांची. म्हणजे साधारण १,२०० दिवस. त्यातले तीन चातुर्मास एका जागी. उरतात सव्वाआठशे-साडेआठशे दिवस. नदी १,३१२ किलोमीटर, दोन्ही तट मिळून २,६२४. म्हणजे रोज सरासरी तीन किलोमीटर. पायाला काटा लागला तर चार दिवस बसता येत होतं, कुणाला घाई नव्हती. आज आपण पाच महिन्यांत उरकतो, रोज वीस-पंचवीस किलोमीटर. नियम तोच ठेवला आणि चाल सात-आठपट केली. शिवाय ती वाट आता कुठे आहे? बर्गी, पुनासा, सरदार सरोवर या धरणांच्या पाण्याखाली काठचा रस्ता गेला. सरदार सरोवर २०१९ मध्ये पहिल्यांदा १३८.६८ मीटरपर्यंत पूर्ण भरलं, बडवानीचा राजघाट बुडाला. काठ गेला की परकम्मावासी डांबरावर येतो. आणि चैत्र-वैशाखात हवा चाळीसवर गेली की डांबर साठच्या पुढे तापतं.

बूट घेताना एक नंबर मोठा घ्या, तोही संध्याकाळी, पाय सुजलेला असताना. आतून पातळ मोजा, वरून लोकरीचा. घासलं तर मोजा मोज्यावर घासतो, कातडीवर नाही. दर दोन तासांनी बूट काढून पाय वाळवा. कुठे चटका जाणवला की तिथल्या तिथे थांबून पट्टी लावा, "पुढच्या गावात बघू" म्हणू नका. फोड आलाच तर वरचं कातडं काढू नका. फार ताणला असेल तर उकळलेल्या सुईने कडेला टोचा आणि पाणी जाऊ द्या. सुईत दोरा ओवून तो फोडात ठेवायचा जुना उपाय करू नका, दोऱ्यावरून घाण आत जाते. कठपोरला, नदीच्या मुखापाशी, समुद्रातून पलीकडच्या तटावर जायच्या नावेत चढताना चिखल असतो, तिथे बूट काढून गळ्यात अडकवा.

अनवाणीच जायचं असेल तर मी अडवणार नाही. मधुमेह असेल तर मात्र हात जोडून सांगते, जाऊ नका. पायाची जाणीव कमी झालेली असू शकते, मग काटा गेलेला कळतच नाही. बाकीच्यांनी चिमटा, भिंग आणि टॉर्च जवळ ठेवावा, रोज रात्री दोन्ही तळवे बघावेत, दिवसाला दहा किलोमीटरच्या वर जाऊ नये. एवढे दिवस हातात नसतील तर बूट घाला.

आणि तरीही. शूलपाणीच्या झाडीत मला एक वयस्कर बाई भेटल्या, अनवाणी, तळवे दगडासारखे. त्यांच्याकडे बघताना माझे बूट मला जड झाले, हे खोटं कशाला सांगू?

ओंकारेश्वरला परत पोचायच्या दिवशी, शेवटच्या गावाबाहेर, उजाडायच्या आधी मी बूट काढले. डांबर अजून गार होतं. डॉक्टरांनी नको म्हटलं असतं. चवड्यावर त्या जागी रुपयाएवढी मऊ कातडी आहे, तिथे घट्टा पुन्हा धरलाच नाही. प्रत्येक खडा तिथे वेगळा लागत होता.