फोर्टातला किल्ला कुठे गेला?

गडकोटांविषयी लिहीत असल्यामुळे मला एक प्रश्न हमखास विचारला जातो: मुंबईत ‘फोर्ट’ आहे, तर त्यातला किल्ला कुठे आहे? तुम्हीही तेच विचारलेत, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

किल्ला होता, आणि तो मुख्यतः तोफांसाठी बांधलेला होता. 1715च्या अखेरीस चार्ल्स बून गव्हर्नर म्हणून आला आणि त्याच्या कारकिर्दीत ईस्ट इंडिया कंपनीच्या वस्तीभोवतीचा दगडी तट पुरा झाला. पूर्वेची बाजू बंदराकडे, तिथल्या तोफांची तोंडे समुद्राकडे. जमिनीकडून आत शिरायला अपोलो गेट, चर्चगेट आणि बाजारगेट हे तीन दरवाजे. त्या काळी कोकण किनाऱ्यावर कान्होजी आंग्र्यांच्या आरमाराचा दरारा होता. बूनने 1717मध्ये विजयदुर्गावर आणि 1718मध्ये खांदेरीवर मोहिमा पाठवल्या; दोन्ही फसल्या. पुढे 1739मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतली, तेव्हा मुंबईकर व्यापारी इतके धास्तावले, की तटाबाहेर खंदक खणण्यासाठी त्यांनी स्वतः 30,000 रुपये उभे केले. 1769मध्ये डोंगरीच्या जुन्या किल्ल्याच्या जागी फोर्ट जॉर्ज बांधून उत्तरेची बाजू आणखी बळकट करण्यात आली.

मात्र हा कोट समजून घ्यायचा, तर भिंतींइतकेच भिंतींसमोरच्या मोकळ्या जागेकडे पाहावे लागते. बुरुजावरच्या तोफेला समोर आडोसा चालत नाही. घर, झाड, कुंपण, काहीही असले तरी चालून येणारा शत्रू त्यामागे दडतो. म्हणून तटाच्या पश्चिमेची घरे आणि माडांच्या बागा टप्प्याटप्प्याने हटवून मैदान राखले गेले. त्याला एस्प्लनेड म्हणत. आजची ओव्हल, क्रॉस, आझाद आणि कूपरेज ही मैदाने त्याच पट्ट्याचे उरलेले तुकडे आहेत. ओव्हलवर क्रिकेट खेळणारी मुले दोनशे वर्षांपूर्वी तोफांच्या माऱ्यासाठी राखलेल्या जागेत धावत असतात, हे मला प्रत्येक वेळी नव्याने जाणवते.

हा तट शत्रूने पाडला नाही. 1818मध्ये पेशवाई बुडाली आणि जमिनीकडून येणाऱ्या ज्या धोक्यासाठी खंदक खणला होता, तो धोकाच संपला. तटाच्या आत मात्र दाटी वाढत गेली. 1803च्या भीषण आगीत कोटातली बरीच वस्ती जळून गेली होती, तरी भिंती होत्या तिथेच राहिल्या. अखेर 1862मध्ये बार्टल फ्रिअर गव्हर्नर झाल्यावर तट पाडण्याचे काम हाती घेण्यात आले. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे तिकडचा कापूस अडला होता, त्यामुळे इथल्या कापसाचा पैसा मुंबईत ओतला जात होता आणि शहराला जागा हवी होती. चर्चगेट जिथे उभे होते, तिथे 1864मध्ये फ्लोरा फाउंटन आले. दरवाज्याचे नाव तेवढे रेल्वे स्थानकाला राहिले. पुढे भराव घालून गोद्या बांधल्या गेल्या आणि पूर्वेचा समुद्रही दूर सरकला. तट पाडला याबद्दल मी फ्रिअरला दोष देत नाही, पण एखादा दरवाजा तरी राखायला हवा होता, असे मला मनापासून वाटते.

तरीही डोळ्यांनी काही पाहायचे असेल, तर छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसजवळच्या सेंट जॉर्जेस रुग्णालयाच्या आवारात जा. तिथे फोर्ट जॉर्जचा एक तुकडा उभा आहे. त्या काळ्या दगडावर हात ठेवला, की भिंतीची जाडी आणि थंडावा दोन्ही कळतात. राज्याच्या पुरातत्त्व विभागाचे कार्यालय तिथेच आहे. बॉम्बे कॅसलचे, म्हणजे तटाच्या आतल्या मूळ किल्ल्याचे अवशेष मात्र नौदलाच्या हद्दीत असल्याने सहज पाहता येत नाहीत. त्या नौदल तळाला 1951पासून कान्होजींच्या घराण्याचे नाव आहे: आयएनएस आंग्रे.