खुर्ची

कालपासून माझ्या परफॉर्मन्सचं फुटेज बघतेय आणि नुसती चिडचिड होतेय. दुपारभर मी आजीचं ओलं नऊवारी दोन्ही हातांवर घेऊन उभी, ते वाळेपर्यंत हलायचं नाही बोलायचं नाही एवढाच नियम, आणि लोकांना आवडलं काय तर शेजारची रिकामी खुर्ची. "कसली भारी आयडिया" म्हणे. अरे पण ती माझी नव्हतीच!

त्या आजोबांची होती. भाजीची पिशवी घेऊन आत आले, पावसामुळेच आले असणार. भिंतीवरच्या व्हिडिओकडे चक्क पाठ केली, मला न्याहाळलं, बाहेर गेले आणि मंडळाची निळी प्लॅस्टिकची खुर्ची घेऊन आले, पाठीवर पांढऱ्या पेंटने नाव लिहिलेली. रुमालाने पुसली. "बस बाई, पाय भरून येतील." मी गप्प. मग खुर्ची आणखी जवळ सरकवली, बहुतेक मला ऐकू येत नाही असं वाटलं त्यांना.

१९७४ ला नेपल्समध्ये मरीना अब्रामोविच या परफॉर्मन्स आर्टिस्टने टेबलावर ७२ वस्तू मांडल्या, गुलाब, मध, कात्री, पिस्तूलसुद्धा, आणि सहा तास माझ्यावर काहीही वापरा म्हणाली. लोकांनी कपडे कापले, पिस्तूल रोखलं. हे मी वर्कशॉपमध्ये पोरांना कितीदा सांगते आणि मनात कुठेतरी मीही तसल्याच कशाला तरी तोंड द्यायला सज्ज होऊन उभी होते की काय कोण जाणे. सदाशिव पेठेत काय झालं, तर खुर्ची.

दादा आलाच नाही. असो.

आता एडिटिंग. तेहचिंग श्ये, तोही परफॉर्मन्स आर्टिस्टच, त्याने १९८०-८१ मध्ये न्यूयॉर्कला वर्षभर दर तासाला कारखान्यातल्यासारखं हजेरीचं कार्ड पंच केलं, दर वेळी फिल्मची एक फ्रेम, सुरुवातीला डोक्याचा गोटा केलेला म्हणून केस वाढताना दिसतात, अख्खं वर्ष सहा मिनिटांत. माझी एक दुपार मला धड कापता येईना, कारण खुर्ची यायच्या आधीचं सगळं कंटाळवाणं वाटतंय, साबणाच्या जाहिरातीसारखं. मलाच वाटतंय, हे जास्त लागलंय. इतकी वर्षं हेच करतेय ना मी? मग बाहेरच्या माणसाला दोन मिनिटांत जे सुचलं ते...

बरं, साडी वाळली का? ऑगस्टात, पुण्यात? वॉचमनने सात वाजता दिवे घालवले म्हणून परफॉर्मन्स संपला. हे कुठल्याच कॅटलॉगमध्ये येणार नाही. मला मात्र आता हसू येतंय.

मुंबईला इन्स्टॉलेशन जातंय, क्युरेटरला खुर्ची हवीच आहे. मंडळाने आपली मागून नेली, गणपती तोंडावर आलेत. म्हणून उद्या खुर्ची शोधायला बोहरी आळीच्या बाजारात. आणि नवीकोरी चालणार नाही म्हणाली, वापरलेली वाटायला हवी.